चौथ्या डिव्हिजनमधला बचावपटू इंग्लंडचा प्रशिक्षक कसा झाला? ग्रॅहम टेलर यांच्या कारकिर्दीविषयी

प्रश्न: पेठेतला_फुलबॅक

सर्व सभासदांना नमस्कार. मी कोल्हापूरचा. दहा वर्षे पेठेच्या संघातून उजवा बचावपटू म्हणून खेळलो, गुडघा दुखावल्यावर खेळणे सोडले आणि गेली तीन वर्षे चौदा वर्षांखालच्या मुलांना शिकवतो आहे. महिन्याभरापूर्वी एका पालकांनी मला सरळ विचारले, "सर, आपण स्वतः कुठवर खेळला आहात?" प्रश्न रास्त होता. शाहू स्टेडियमच्या पलीकडे माझी मजल गेली नाही, हे मी त्यांना सांगितले. पण तो प्रश्न मनातून गेला नाही. त्याच्याच मागे लागून मी स्वतः मोठ्या मैदानांवर न खेळलेल्या प्रशिक्षकांविषयी वाचू लागलो आणि ग्रॅहम टेलर यांच्यापाशी येऊन थांबलो.

आतापर्यंत मला टेलर एवढेच ठाऊक होते की, त्यांच्या हाताखालचा इंग्लंडचा संघ १९९४ च्या विश्वचषकाला पात्र ठरला नाही आणि तिथल्या एका दैनिकाने त्यांच्या डोक्याच्या जागी सलगमचे चित्र छापून त्यांची टर उडवली. ते स्वतः ग्रिम्सबी आणि लिंकन या लहान गावांच्या संघांतून खेळले आणि पहिल्या डिव्हिजनमध्ये, म्हणजे तेव्हाच्या चार डिव्हिजनांतल्या सर्वांत वरच्या पायरीवर, खेळाडू म्हणून एकदाही उतरले नाहीत, हे मात्र आत्ता कळले. जाणकारांना माझे तीन प्रश्न आहेत. खेळाडू म्हणून त्यांचा दर्जा नेमका काय होता? कालपर्यंत ज्यांच्याबरोबर कपडे बदलण्याच्या खोलीत बसत होते, त्याच सहकाऱ्यांचे ते अठ्ठाविसाव्या वर्षी प्रमुख झाले, तेव्हा त्यांचा शब्द कसा मानला गेला? आणि इंग्लंडच्या वेळी जे घडले, त्याचे मूळ त्यांच्या या लहान कारकिर्दीत होते काय? तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर मला सर्वांत जास्त हवे आहे.

उत्तर: जुनी_कात्रणे

आपल्या पहिल्या दोन प्रश्नांची उत्तरे एकत्र देतो, कारण ती एकमेकांपासून सुटी करता येत नाहीत.

टेलर यांचा जन्म १५ सप्टेंबर १९४४ रोजी वर्कसॉप येथे झाला, पण ते वाढले स्कन्थॉर्प या पोलाद कारखान्यांच्या गावात. त्यांचे वडील तिथल्या स्थानिक दैनिकात क्रीडा वार्ताहर होते. सामना नुसता पाहायचा नाही, तो का जिंकला किंवा का हरला हे साध्या शब्दांत सांगता आले पाहिजे, ही सवय त्यांना घरातूनच लागली असावी असे मला नेहमी वाटत आले आहे. ते अभ्यासात चांगले होते, तरी शाळेचे शेवटचे वर्ष अर्ध्यावर सोडून १९६२ मध्ये ते ग्रिम्सबी टाउनमध्ये दाखल झाले. इंग्लंडमधल्या खेळाडूंच्या आठवड्याच्या पगारावरची वीस पौंडांची कमाल मर्यादा त्याच्या आदल्याच वर्षी उठली होती. परंतु त्याचा लाभ मोठ्या क्लबांतल्या मोठ्या खेळाडूंना झाला, ग्रिम्सबीच्या बचावपटूला नव्हे. तिथे ते लीगचे १८९ सामने खेळले. १९६८ मध्ये लिंकन सिटीने त्यांना चार हजार पौंडांना घेतले आणि तिथे त्यांनी सुमारे दीडशे सामने खेळले. म्हणजे खेळाडू म्हणून ते मेहनती आणि भरवशाचे होते, पण उपजत प्रतिभेचे नव्हते. हे त्यांनी स्वतःच ओळखले होते, म्हणूनच खेळत असतानाच त्यांनी फुटबॉल असोसिएशनचे प्रशिक्षणाचे अभ्यासक्रम पूर्ण केले. वयाच्या २७ व्या वर्षी त्यांच्याजवळ पूर्ण प्रशिक्षकाचे प्रमाणपत्र होते. त्या काळी अनेक नामांकित माजी खेळाडूंना अशा प्रमाणपत्राची गरजच वाटत नसे.

१९७२ मध्ये कंबरेच्या सांध्याच्या दुखापतीने त्यांचा खेळ संपला आणि त्याच वर्षीच्या डिसेंबरमध्ये लिंकनने त्यांना मॅनेजर नेमले. इथे एक बाब मुद्दाम लक्षात घ्यावी. त्यांच्या आधी त्या खुर्चीवर डेव्हिड हर्ड होते. मँचेस्टर युनायटेडचे ते नावाजलेले आघाडीपटू. १९६३ च्या एफए कप या बाद पद्धतीच्या स्पर्धेच्या अंतिम सामन्यात त्यांनी दोन गोल केले होते आणि दोन लीग विजेतेपदे त्यांच्या नावावर होती. म्हणजे लिंकनने मोठ्या खेळाडूचा प्रयोग करून पाहिला होता आणि त्यानंतर स्वतःच्याच बचाव फळीतल्या माणसाला निवडले होते. आपल्या पालकांना सांगावे, तर हे उदाहरण सांगावे.

सहकाऱ्यांचा आणि प्रेक्षकांचा विश्वास मात्र लगेच बसला नाही. सुरुवातीचे कित्येक सामने विजयाविना गेले आणि स्टँडमधून त्यांच्या हकालपट्टीच्या घोषणा झाल्या. तेव्हाच्या चौथ्या डिव्हिजनमध्ये तळाला राहणे म्हणजे नुसती नामुष्की नव्हती. शेवटच्या चार क्लबांना लीगमध्ये टिकण्यासाठी इतर क्लबांपुढे अर्ज करून मते मागावी लागत, आणि मते कमी पडली तर क्लब लीगबाहेर जाई. अशा जागी आपण काय खेळलो होतो यापेक्षा शनिवारी काय करायचे आहे हे स्पष्ट सांगता येणे महत्त्वाचे असते, आणि टेलर यांचे बळ तिथेच होते. प्रत्येक खेळाडूला त्याचे काम नेमके ठाऊक असे. तंदुरुस्तीची सक्ती कडक असे. खेळाडूंना ते लिंकनमधल्या कारखान्यांत घेऊन जात, तिथल्या कामगारांना भेटवत. तिकीट काढून येणारा माणूस आठवडाभर काय करतो हे खेळाडूने डोळ्यांनी पाहिले पाहिजे, असा त्यांचा आग्रह होता.

१९७४-७५ मध्ये लिंकनची बढती गोल सरासरीवर हुकली. चेस्टरचे आणि त्यांचे गुण सारखेच होते, पण केलेल्या गोलांना खाल्लेल्या गोलांनी भागल्यावर चेस्टर किंचित पुढे निघाले. पुढच्या वर्षी हिशेबाला जागाच उरली नाही. ४६ सामन्यांत ३२ विजय, १० बरोबरी आणि फक्त ४ पराभव. १११ गोल आणि ७४ गुण. विजयाला दोन गुण मिळण्याच्या काळातला हा इंग्लिश लीगचा विक्रम ठरला. घरच्या मैदानावर तर त्या वर्षी ते एकदाही हरले नाहीत.

क्रिकेटवाल्या सभासदांसाठी एक जोड देतो. त्या संघात फिल नील नावाचा तरुण होता, जो उन्हाळ्यात वूस्टरशायरकडून क्रिकेट खेळे. पुढे त्याच्याच नेतृत्वाखाली वूस्टरशायरने १९८८ आणि १९८९ ची कौंटी विजेतेपदे मिळवली आणि नंतर तो अनेक वर्षे इंग्लंडच्या क्रिकेट संघाच्या व्यवस्थापनात होता.

उत्तर: वॉटफर्डकर

वरच्या उत्तरात लिंकनविषयी सर्व आले आहे, त्यामुळे मी पुढचा भाग घेतो. नोकरीनिमित्त गेली चौदा वर्षे मी वॉटफर्डमध्ये राहतो, आणि इथे टेलर हा विषय निघाला की माणसे अजूनही घरातल्या वडीलधाऱ्याविषयी बोलावे तशी बोलतात.

१९७६ मध्ये गायक एल्टन जॉन हे या क्लबचे अध्यक्ष झाले; लहानपणापासून ते याच क्लबचे चाहते होते. जून १९७७ मध्ये त्यांनी टेलर यांना आणले. तेव्हा वॉटफर्ड चौथ्या डिव्हिजनमध्ये होते आणि अध्यक्षांची इच्छा युरोपात खेळण्याची होती. टेलर यांनी त्यासाठी दहा लाख पौंड लागतील असा अंदाज सांगितला आणि अध्यक्षांनी होकार दिला, ही गोष्ट इथे सगळ्यांना पाठ आहे. पुढचे टप्पे पाहा. १९७८ मध्ये चौथ्या डिव्हिजनचे विजेतेपद, १९७९ मध्ये तिसऱ्यातून बढती, १९८२ मध्ये पहिल्या डिव्हिजनमध्ये प्रवेश. आणि तिथल्या पहिल्याच हंगामात, १९८२-८३ मध्ये, ७१ गुणांसह लिव्हरपूलच्या पाठोपाठ दुसरा क्रमांक. पुढच्या वर्षी यूएफा कप या युरोपातल्या क्लबांच्या स्पर्धेत तिसऱ्या फेरीपर्यंत मजल आणि मे १९८४ मध्ये वेम्बलीवर एफए कपचा अंतिम सामना, ज्यात एव्हर्टनने त्यांना २-० ने हरवले.

हे सारे पैशाने झाले असे समजू नये. पैसा लागलाच, पण मोठा भाग माणसांच्या पारखीचा होता. आर्सेनलला १९७१ मध्ये लीग आणि एफए कप ही दोन्ही विजेतेपदे मिळवून देणारे मॅनेजर बर्टी मी (Bertie Mee) हे निवृत्त झाले होते. टेलर यांनी त्यांना मदतनीस म्हणून बोलावून घेतले. तिशी नुकतीच ओलांडलेल्या मॅनेजरने आपल्याहून कितीतरी अधिक मिळवलेल्या वडीलधाऱ्याला शेजारी बसवावे आणि त्या वडीलधाऱ्यानेही आनंदाने बसावे, हे मला त्यांच्या स्वभावाचे मोठे लक्षण वाटते. टॉम वॉली या वेल्श प्रशिक्षकाकडे त्यांनी तरुण मुले सोपवली आणि त्या शाळेतून केनी जॅकेट, नायजेल कॅलहन यांच्यासारखे खेळाडू पहिल्या संघात आले. आघाडीपटू रॉस जेंकिन्स आणि लुथर ब्लिसेट हे दोघेही टेलर येण्याआधीपासून क्लबातच होते. चौथ्या डिव्हिजनमधली ही जोडी पहिल्या डिव्हिजनपर्यंत त्यांच्याबरोबर चढत गेली. ब्लिसेट १९८२-८३ मध्ये २७ गोलांसह पहिल्या डिव्हिजनमधले सर्वाधिक गोल करणारे खेळाडू ठरले आणि त्यानंतर एसी मिलानने त्यांना दहा लाख पौंडांना नेले. जॉन बार्न्स यांना १९८१ मध्ये सडबरी कोर्ट या हौशी संघातून घेतले, तेव्हा मोबदला म्हणून त्या संघाला खेळाच्या पोशाखांचा एक संच देण्यात आला, असे इथे सांगतात. तीन वर्षांत बार्न्स रिओच्या माराकाना मैदानावर ब्राझीलविरुद्ध अर्धे मैदान कापत गोल करत होते.

क्लब आणि गाव यांचे नाते टेलर यांनी लिंकनपेक्षाही पुढे नेले. शाळांत, इस्पितळांत, वृद्धांच्या संस्थांत जाणे हा इथल्या खेळाडूंच्या कामाचाच भाग होता. इंग्लंडच्या मैदानांवर मारामाऱ्या नित्याच्या झाल्या होत्या, त्या काळात वॉटफर्डने मुलाबाळांसह येणाऱ्या कुटुंबांसाठी बसण्याची वेगळी जागा केली. आणि हाच माणूस अध्यक्षांनाही सोडत नसे. आपल्या मद्यपानाविषयी टेलर यांनी तोंडावर खडसावले होते, हे एल्टन जॉन यांनी पुढे स्वतः सांगितले आहे. जगप्रसिद्ध मालकाला असे बोलू शकणाऱ्या मॅनेजरचा शब्द बावीस वर्षांचा खेळाडू मानणारच.

उत्तर: आकडेमोड

टेलर यांच्याविषयी वर जो आदर व्यक्त झाला आहे तो मलाही आहे, परंतु त्यांच्या खेळाच्या पद्धतीवर त्या काळी झालेली टीका सांगितल्याशिवाय तिसऱ्या प्रश्नाकडे जाता येणार नाही.

वॉटफर्डचा खेळ थेट होता. चेंडू मधल्या फळीत फिरवत बसायचे नाही. तो लवकर पुढे, प्रतिस्पर्ध्याच्या बचावपटूंच्या पाठीमागच्या मोकळ्या जागेत टाकायचा, दोन आघाडीपटू आणि दोन्ही बाजूंचे विंगर मिळून तिथेच दबाव आणायचा, चेंडू परत मिळवायचा किंवा निदान थ्रो-इन कमवायचा आणि गोलसमोर गर्दी करायची. यासाठी दम लागतो, शिस्त लागते आणि अकराही जणांनी एकाच वेळी धावावे लागते. आज ज्याला आपण वरच्या भागातले प्रेसिंग म्हणतो आणि ज्याचे कौतुक करतो, त्याचा मोठा हिस्सा या खेळात होता. तेव्हा मात्र त्याला केवळ उंच लाथाडण्याचा खेळ म्हणून हिणवले गेले, आणि ते अन्यायाचे होते. बार्न्स आणि कॅलहन यांच्यासारखे दोन विंगर असलेल्या संघाला असे म्हणणे मला तरी पटत नाही.

या पद्धतीला आकड्यांचा आधारही जोडला गेला. चार्ल्स रीप हे हवाई दलातले अधिकारी १९५० पासून सामन्यांची हाताने नोंद ठेवत होते आणि त्यांचा निष्कर्ष असा होता की, बहुतेक गोल तीन किंवा त्याहून कमी पासच्या चढाईतून होतात. वॉटफर्डच्या काळात टेलर आणि रीप यांचा संबंध आला. रीप यांच्या निष्कर्षातली उणीव आज सहज दिसते. फुटबॉलमधल्या बहुतेक चढाया मुळातच तीन पासच्या आत संपतात, त्यामुळे बहुतेक गोलही तशाच चढायांतून होणार. यावरून लांब चढाई कमी उपयोगाची असे सिद्ध होत नाही. टेलर या आकड्यांच्या कितपत आहारी गेले याविषयी मतभेद आहेत. माझ्या मते आहे त्या खेळाडूंकडून काय होऊ शकेल याचा विचार त्यांनी आधी केला आणि आकड्यांची साथ नंतर मिळाली.

आता आपल्या तिसऱ्या प्रश्नाकडे येतो. १९८७ मध्ये टेलर ॲस्टन व्हिलाकडे गेले, दुसऱ्या डिव्हिजनमध्ये घसरलेल्या त्या क्लबला एका वर्षात वर आणले आणि १९८९-९० मध्ये पुन्हा लिव्हरपूलच्या पाठोपाठ दुसरा क्रमांक मिळवला. त्याच उन्हाळ्यात ते इंग्लंडचे मॅनेजर झाले. त्यांच्या आधीचे विंटरबॉटम, रॅम्झी, रेव्ही, ग्रीनवुड आणि रॉब्सन हे सर्व जण पहिल्या डिव्हिजनमध्ये खेळलेले होते. तसा न खेळलेला पहिला माणूस म्हणजे टेलर, आणि वृत्तपत्रांनी ही गोष्ट पहिल्या दिवसापासून लक्षात ठेवली.

१९९२ च्या युरो स्पर्धेत डेन्मार्क आणि फ्रान्स यांच्याशी गोलशून्य बरोबरी झाली आणि स्वीडनकडून २-१ असा पराभव झाला. त्या सामन्यात १-१ अशी स्थिती असताना त्यांनी गॅरी लिनेकर यांना बाहेर बोलावले. लिनेकर यांचे ४८ गोल झाले होते, बॉबी चार्लटन यांच्या विक्रमाला एकच कमी होता आणि तो त्यांचा इंग्लंडसाठीचा शेवटचा सामना ठरला. बदलीला ॲलन स्मिथ आले, गोल मात्र स्वीडनच्या ब्रोलिन यांनी केला. जून १९९३ मध्ये ऑस्लोला नॉर्वेविरुद्धच्या विश्वचषक पात्रता सामन्यात त्यांनी आयत्या वेळी संघाची रचना बदलली. नॉर्वेचे उंच आघाडीपटू फ्लो यांना रोखण्यासाठी तीन मध्य बचावपटू उतरवले आणि सामना २-० असा गमावला. हा पराभव मला सर्वांत बोलका वाटतो, कारण नॉर्वेचे प्रशिक्षक एगिल ओल्सेन हे रीप यांच्या आकड्यांचे चाहते होते आणि त्यांचा संघ वॉटफर्डसारखाच थेट खेळत होता. तिथे टेलर स्वतःच्या पद्धतीवर उभे राहिले नाहीत, समोरच्याला रोखण्याच्या विचारात अडकले.

तेव्हा माझे उत्तर असे की, मोठ्या मैदानांवर न खेळल्याने त्यांना फुटबॉल कमी कळत होते असे नाही; पण तारांकित खेळाडूंसमोर आणि वृत्तपत्रांसमोर त्यांना स्वतःला सतत सिद्ध करावे लागत होते, आणि त्या ताणाखाली त्यांनी नको तितके फेरबदल केले. त्यांच्या लहान कारकिर्दीचा परिणाम झालाच नाही असे मी म्हणणार नाही.

पेठेतला_फुलबॅक

इतक्या सविस्तर उत्तरांबद्दल मनापासून आभार. हर्ड आणि टेलर यांची तुलना मी वहीत उतरवून ठेवली आहे. आकडेमोड यांच्या शेवटच्या परिच्छेदाने मात्र मला अस्वस्थ केले, आणि ते खरे असेल तर मला ते टाळायचे नाही. माझा पुढचा प्रश्न जॉन बार्न्स यांच्याविषयी. ज्या माणसाने त्यांना हौशी संघातून उचलून घडवले, त्याच माणसाच्या इंग्लंडच्या संघात बार्न्स पूर्वीसारखे का बहरले नाहीत? दोघेही तेच, मग बदलले काय?

उत्तर: जुनी_कात्रणे

याचे उत्तर एका शब्दात द्यायचे तर दिवस बदलले, म्हणजे अक्षरशः हाताशी असलेले दिवस.

क्लबचा मॅनेजर खेळाडूला रोज भेटतो. टेलर यांचे सारे सामर्थ्य या रोजच्या भेटीत होते. व्हिलामधले पॉल मॅकग्रा यांचे उदाहरण घ्या. १९८९ मध्ये मँचेस्टर युनायटेडने त्यांना चार लाख पौंडांना सोडले, तेव्हा त्यांचे दोन्ही गुडघे निकामी होण्याच्या वाटेवर होते आणि दारूचे व्यसन लपून राहिले नव्हते. टेलर यांनी त्यांना घेतले, आठवड्याच्या सरावातून बरीच सूट दिली, त्यांच्या अडचणीच्या दिवसांत त्यांना सांभाळले आणि शनिवारी मैदानात उतरवले. मॅकग्रा त्यानंतर कित्येक वर्षे इंग्लंडमधल्या उत्तम बचावपटूंत गणले गेले. डेव्हिड प्लॅट यांची कथाही अशीच आहे. मँचेस्टर युनायटेडने नाकारलेला हा तरुण क्रू अलेक्झांड्राकडून खालच्या डिव्हिजनमध्ये खेळत होता. १९८८ मध्ये टेलर यांनी त्याला दोन लाख पौंडांना आणले आणि दोन वर्षांत तो विश्वचषकात बेल्जियमविरुद्ध अखेरच्या मिनिटाला गोल करत होता. खालच्या डिव्हिजनमध्ये खेळलेला माणूसच तिथली गुणवत्ता ओळखू शकतो असे मी म्हणणार नाही, पण तिथे पाहण्याची सवय मात्र त्यालाच असते.

राष्ट्रीय संघाच्या मॅनेजरला हे दिवस मिळत नाहीत. सामन्याच्या आधी चार-पाच दिवस खेळाडू येतात आणि सामना संपताच आपापल्या क्लबात परततात. एकाच वेळी अकरा जणांना धावायला लावणारी पद्धत चार दिवसांत बसत नाही. तिला लिंकनमध्ये वर्षे लागली होती. शिवाय १९८७ नंतरचे बार्न्स लिव्हरपूलमध्ये वेगळा खेळ शिकले होते. जून १९९२ मध्ये युरो स्पर्धेच्या तोंडावर फिनलंडविरुद्ध त्यांच्या टाचेमागचा कंडरा तुटला आणि ते पूर्वीइतके वेगवान कधीच झाले नाहीत. पॉल गॅस्कॉइन यांना १९९१ च्या एफए कप अंतिम सामन्यातच गुडघ्याची गंभीर दुखापत झाली होती. हे दोघे नसलेल्या संघाची तुलना १९९० च्या संघाशी करणे मला न्याय्य वाटत नाही.

बार्न्स यांना स्वतःच्याच देशाच्या प्रेक्षकांनी वेम्बलीवर डिवचले, हेही विसरू नये. एका सामन्यात बाकाच्या मागे बसलेला प्रेक्षक बार्न्स यांना वर्णद्वेषी शिव्या देत होता. टेलर सामना चालू असताना मागे वळले आणि आपण एका माणसाविषयी बोलत आहात, जीभ आवरा, अशा अर्थाचे त्याला सुनावले. माझ्या लेखी ते त्यांच्या मॅनेजर असण्यातलेच काम होते.

१३ ऑक्टोबर १९९३ चा, रॉटरडॅममधला नेदरलँड्सविरुद्धचा विश्वचषक पात्रता सामनाही पूर्ण सांगायला हवा. गोलशून्य स्थितीत प्लॅट एकटेच गोलकडे निघाले असताना रोनाल्ड कोमन यांनी त्यांना मागून खाली पाडले. लाल कार्ड मिळायला हवे होते, पंचांनी पिवळे दाखवले. काही मिनिटांत त्याच कोमन यांनी फ्री किकवर गोल केला, मग बर्गकँप यांनी दुसरा केला आणि पात्रतेची आशा जवळजवळ संपली. पुढच्या महिन्यात सॅन मरिनोविरुद्ध पहिल्या नऊ सेकंदांतच गोल स्वीकारून इंग्लंडने सामना ७-१ असा जिंकला, पण तोवर फार उशीर झाला होता, आणि टेलर यांनी राजीनामा दिला. ३८ सामन्यांत १८ विजय, १३ बरोबरी आणि ७ पराभव, असा त्यांचा हिशेब आहे. चुका झाल्या, लिनेकर आणि ऑस्लो या तर नक्कीच झाल्या. पण तशाच चुका शंभर सामने खेळलेल्या मॅनेजरांनीही केल्या आहेत आणि त्यांच्या बाबतीत कोणी त्यांचे खेळाडूपण खोदून काढले नाही. या मुद्द्यावर माझे आकडेमोड यांच्याशी एकमत नाही.

उत्तर: आकडेमोड

दिवसांचा मुद्दा मला मान्य आहे, आणि तो माझ्या मुद्द्यापेक्षा वजनदार आहे. ताण होता हे मी धरून ठेवतो, पण रोजची भेट असती तर तो ताण त्यांनी पेलला असता, हे वॉटफर्डच्या दहा वर्षांवरून दिसते.

पेठेतला_फुलबॅक

शेवटचे विचारतो. इंग्लंडनंतर त्यांनी काय केले? इतकी अवहेलना झाल्यावर माणूस पुन्हा मैदानावर कसा येतो?

उत्तर: वॉटफर्डकर

आधी ते वुल्व्हरहॅम्प्टनला गेले, पण तिथे दीड वर्षाच्या आसपास काम करून नोव्हेंबर १९९५ मध्ये बाहेर पडले. १९९६ मध्ये ते वॉटफर्डला परतले, सुरुवातीला प्रशासकीय जबाबदारीवर, आणि १९९७ पासून पुन्हा मॅनेजर म्हणून. क्लब तेव्हा खाली घसरला होता. प्रीमियर लीग सुरू झाल्यानंतरच्या नावांप्रमाणे तो सेकंड डिव्हिजनमध्ये, म्हणजे प्रत्यक्षात तिसऱ्या पायरीवर होता. देशाचा संघ सांभाळलेल्या माणसाने त्या पायरीवर येऊन पावसाळी मंगळवारी लहान गावांत सामने खेळवणे कमीपणाचे मानले नाही, कारण ती पायरी त्याला परकी नव्हतीच. १९९८ मध्ये त्यांनी त्या डिव्हिजनचे विजेतेपद मिळवले. ३१ मे १९९९ रोजी वेम्बलीवर प्ले-ऑफच्या, म्हणजे बढतीच्या शेवटच्या जागेसाठीच्या लढतींच्या, अंतिम सामन्यात बोल्टनला २-० ने हरवून वॉटफर्ड प्रीमियर लीगमध्ये गेले. पहिला गोल निक राइट यांचा होता, हवेत उलटे होऊन मारलेला. त्याचे छायाचित्र इथल्या अनेक दुकानांत लावलेले मी पाहिले आहे.

प्रीमियर लीगमध्ये मात्र ते एकच हंगाम टिकले. ऑगस्टमध्ये ॲनफिल्डवर लिव्हरपूलला १-० ने आणि पुढे चेल्सीलाही हरवले, पण दुखापती आणि तोकडे बळ यांमुळे २४ गुणांसह तळाला राहून खाली आले. २००१ मध्ये टेलर निवृत्त झाले, नंतर फेब्रुवारी २००२ ते मे २००३ पुन्हा व्हिलाकडे होते, आणि तेवढ्यावर त्यांचे मॅनेजरपद संपले. त्यानंतर त्यांनी रेडिओवर सामन्यांचे विश्लेषण केले. क्रीडा वार्ताहराच्या मुलाला ते साजेसेच होते.

१२ जानेवारी २०१७ रोजी ७२ व्या वर्षी ते गेले. मी कामावर होतो. संध्याकाळी घरी येताना विकारेज रोडवरून आलो, तर मैदानाच्या फाटकाबाहेर फुले आणि गळपट्टे ठेवायला रांग लागली होती. माझ्या पुढे एक वयस्कर बाई उभ्या होत्या. त्यांनी मला सांगितले की, त्या शाळेत असताना वॉटफर्डचा एक खेळाडू त्यांच्या वर्गात आला होता आणि त्याने सगळ्यांच्या वह्यांवर सह्या केल्या होत्या. त्या वर्गात कोणता खेळाडू आला होता, हे त्यांना आठवत नव्हते. त्याला कोणी पाठवले होते, ते आठवत होते.